हाताला जाणवणारे चाक: वर्धा परिसरातील कप्प्या, चरखे आणि जडत्व आघूर्ण

पदार्थविज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात कप्पी प्रथम भेटते ती बहुधा एका गृहीतकासह: कप्पी वजनरहित आहे, तिच्या आसावर घर्षण नाही, आणि म्हणून तिच्यावरून जाणाऱ्या दोरीचा ताण दोन्ही बाजूंना सारखाच असतो. हे गृहीतक गणित सोपे करते, परंतु कप्पीचे स्वतःचे फिरणे त्यातून पूर्णपणे वगळले जाते. प्रत्यक्षातली कोणतीही कप्पी फिरू लागण्यास विरोध करते आणि एकदा फिरू लागली की थांबण्यासही विरोध करते. हा विरोध कोठे दुर्लक्षिण्याजोगा असतो, कोठे तोच सर्व रचनेचा निर्णायक घटक ठरतो आणि कोठे तो अडथळा न राहता उपयोगी पडतो, या प्रश्नाचा आढावा घेण्यास वर्धा जिल्ह्याइतका अनुरूप प्रदेश क्वचितच सापडेल. विहिरीवरची मोट, हातातली टकळी, सूतकताईचा चरखा आणि हिंगणघाट व पुलगाव येथील कापड गिरण्यांची पट्ट्यांवर चालणारी यंत्रे अशी फिरत्या चाकांची सर्व कुळे या कापूसपट्ट्यात नांदली, आणि त्यांपैकी चरख्याचा तर येथे अनेक दशके शास्त्रशुद्ध अभ्यास झाला.

संकल्पना आणि तिची घडण

सरळ रेषेत जाणाऱ्या वस्तूच्या गतीत बदल करण्यास तिचे वस्तुमान विरोध करते. फिरणाऱ्या वस्तूच्या बाबतीत केवळ वस्तुमान सांगून भागत नाही, कारण तेवढेच वस्तुमान आसाजवळ असले तर वस्तू सहज फिरते आणि आसापासून दूर असले तर जड जाते. वस्तूच्या प्रत्येक कणाचे वस्तुमान आणि त्या कणाच्या आसापासूनच्या अंतराचा वर्ग यांचा गुणाकार करून अशा सर्व गुणाकारांची बेरीज केली, म्हणजे जी राशी मिळते तिला जडत्व आघूर्ण किंवा निरूढी परिबल असे म्हणतात. क्रिस्तियान हायगेन्झ यांच्या लंबकाच्या घड्याळावरील १६७३ सालच्या ग्रंथात या राशीचे बीज आढळते, आणि लिओनहार्ड ऑयलर यांनी १७६५ मध्ये दृढ वस्तूंच्या गतीवरील ग्रंथात तिला नाव व स्वतंत्र स्थान दिले.

या व्याख्येतील वर्ग हा कळीचा भाग आहे. सर्व वस्तुमान कडेला असलेल्या कड्याचे जडत्व आघूर्ण वस्तुमान गुणिले त्रिज्येचा वर्ग इतके असते. तेवढ्याच वजनाच्या व त्रिज्येच्या भरीव चकतीचे त्याच्या निम्मे, आणि नुसत्या आऱ्यांच्या चाकाचे सुमारे एकतृतीयांश असते. म्हणजे तीन चाके तराजूत सारखी तोलली, तरी ती हाताने फिरवताना सारखी वाटणार नाहीत. सर्व मापे एकाच प्रमाणात वाढवली तर हा परिणाम अधिकच तीव्र होतो. लाकडाचा चरखा सर्व बाजूंनी १० पट मोठा केल्यास चाकाचे वस्तुमान १,००० पट होते, अंतराचा वर्ग १०० पट होतो आणि जडत्व आघूर्ण १ लाख पट होते. शोभेसाठी उभारलेला भव्य चरखा कताईच्या कामाचा राहत नाही, त्याचे कारण या गुणाकारातच आहे.

चाकाला फिरवणाऱ्या परिणामाला बल आघूर्ण म्हणतात. ते बल आणि आसापासूनचे लंब अंतर यांच्या गुणाकाराने मोजले जाते, आणि त्याला जडत्व आघूर्णाने भागले की कोनीय त्वरण, म्हणजे फिरण्याचा वेग किती झपाट्याने वाढतो त्याचे माप, मिळते. कप्पीला हा नियम लावला की पाठ्यपुस्तकातील पहिले गृहीतक आपोआप गळून पडते. कप्पीचा वेग वाढत असताना दोरीच्या दोन बाजूंचे ताण सारखे राहूच शकत नाहीत; त्यांच्यातील फरक गुणिले कप्पीची त्रिज्या हेच कप्पीला फिरवणारे आघूर्ण होय. जॉर्ज ॲटवुड यांनी १७८४ मध्ये वर्णन केलेल्या प्रसिद्ध उपकरणात कप्पीवरून दोन असमान वजने टांगलेली असतात. तेथे कप्पीचा हिशेब करण्याची सोपी रीत अशी, की जडत्व आघूर्णाला त्रिज्येच्या वर्गाने भागून आलेले वस्तुमान दोन्ही वजनांच्या बेरजेत मिळवावे. भरीव चकतीच्या कप्पीसाठी ही भर तिच्या वजनाच्या निम्मी असते.

मोट: जेथे कप्पीचे जडत्व गौण ठरते

विहिरीवरच्या मोटेला हा हिशेब लावला, तर पाठ्यपुस्तकातील गृहीतक तेथे जवळजवळ खरे ठरते. मोटेत १५० लिटर पाणी येते असे धरले आणि नाडा ज्या लाकडी चाकावरून जातो ते १२ किलोग्रॅमचे आहे असे मानले, तर चाकाच्या जडत्वाची भर केवळ ६ किलोग्रॅमची, म्हणजे एकूण ओझ्याच्या सुमारे चार टक्के असते. शिवाय ती फक्त बैल धावेवरून, म्हणजे विहिरीलगतच्या उतरत्या वाटेवरून, चालू लागतात त्या क्षणापुरतीच असते. एकदा मोट संथ गतीने वर येऊ लागली की त्वरण उरत नाही आणि त्याबरोबर जडत्वाचा प्रश्नही उरत नाही.

तेथे खरा अडसर आसावरील घर्षणाचा असतो. घर्षण आसाच्या पृष्ठभागावर घडते आणि ओढ चाकाच्या कडेवर लागते, त्यामुळे आसाची त्रिज्या चाकाच्या त्रिज्येच्या मानाने जितकी लहान, तितके घर्षणाचे ओझे कमी होते. मोठे चाक, बारीक कणखर आस आणि वेळेवर घातलेले वंगण हा मोट बांधणाऱ्या सुताराचा ठोकताळा अशा रीतीने पूर्णपणे शास्त्रशुद्ध होता. ओझे मोठे आणि वेग कमी असेल तेथे कप्पी जड झाली तरी बिघडत नाही, असा निष्कर्ष यातून निघतो.

टकळी: जेथे जडत्व हवे असते

टकळीची गोष्ट नेमकी उलट आहे. टकळीला पट्टा नाही आणि कप्पीही नाही; एक बारीक दांडी आणि तिच्या खालच्या टोकाजवळ एक चकती एवढीच तिची रचना असते. चिमटीने दिलेली गिरकी संपली की पुढचा पीळ टकळीच्या साठलेल्या गतीतूनच सुताला मिळतो. येथे जडत्व आघूर्ण जितके जास्त, तितकी टकळी अधिक वेळ फिरत राहते. परंतु वजन वाढवून ते मिळवता येत नाही, कारण टांगलेल्या टकळीचा भार कच्च्या सुतावर येतो आणि बारीक सूत तुटते. वजन कमी व जडत्व आघूर्ण जास्त या दोन्ही गरजा एकत्र भागवायच्या, तर वस्तुमान दांडीपासून दूर नेणे हाच मार्ग राहतो, आणि म्हणून टकळीला मण्याऐवजी पसरट चकती असते.

गांधीजींच्या सांगण्यावरून विनोबा भावे १९२१ मध्ये वर्ध्याला आले. पुढे वर्ध्याजवळच्या नालवाडी येथे केवळ कताईच्या मजुरीवर जगून पाहण्याचा त्यांचा प्रयोग चालला, आणि टकळीवरील कताईची त्यांनी बारकाईने चिकित्सा केली. सर्वांत स्वस्त, खिशात मावणारे आणि मुलांच्या हाती सहज देता येणारे साधन म्हणून टकळीला नई तालीम या शिक्षणपद्धतीतही स्थान मिळाले. मूळचे पोलंडचे अभियंते मॉरिस फ्रीडमन, जे भारतानंद या नावाने ओळखले जात, यांनी धनुष तकलीची रचना केली. तीत चाकाऐवजी धनुष्याच्या ओढीने चाती, म्हणजे सुताला पीळ देणारी दांडी, फिरवली जाते. वेग वाढवणारे चाकच काढून टाकल्याने त्या चाकाचे जडत्वही गेले, हे या साधनाचे यांत्रिक वैशिष्ट्य होय.

चरखा: वेगाच्या वर्गाचा नियम

कप्पीच्या फिरण्याचा सर्वांत समृद्ध प्रश्न मात्र चरख्यात दडलेला आहे. चरख्यात मोठ्या चाकावरून एक माळ, म्हणजे दोरीचा पट्टा, चातीवरील लहान कप्पीकडे जाते. माळ घसरत नसेल तर दोन्ही कप्प्यांच्या कडांचा वेग सारखा राहतो, आणि म्हणून लहान कप्पी त्रिज्यांच्या प्रमाणात अधिक फेरे घेते. पारंपरिक उभ्या चरख्यात हे सर्व गुणन एकाच टप्प्यात होते, त्यामुळे चाक मोठे असावे लागते. त्या चाकाला बहुधा भरीव कडे नसते. आऱ्यांच्या दोन ओळींची टोके सुतळीच्या जाळीने बांधून घेतात आणि माळ त्या सुतळीवरूनच धावते. कडेवरचे वस्तुमान अशा प्रकारे जवळजवळ नाहीसे करून गावच्या सुताराने मोठ्या त्रिज्येचा लाभ घेतला आणि त्रिज्येच्या वर्गाचा दंड टाळला.

पेटी चरख्याची रचना निराळी आहे. गांधीजी १९३० मध्ये येरवडा तुरुंगात असताना या दिशेने जे प्रयोग झाले, त्यांवरून त्याला येरवडा चक्र हे नाव मिळाले. पेटीत दोन चाके आडवी, म्हणजे उभ्या आसांवर, बसवलेली असतात. पहिले चाक मुठीने जात्यासारखे फिरवायचे. त्याची माळ दुसऱ्या चाकाच्या आसावरील लहान कप्पीला फिरवते. आणि त्या दुसऱ्या चाकावरून, ज्याला गतिचक्र म्हणतात, दुसरी माळ चातीकडे जाते. दोन टप्प्यांचे गुणोत्तर एकमेकांशी गुणले जात असल्याने मोठे चाक न वापरताही चातीला पुरेसा वेग मिळतो आणि सारा चरखा बंद पेटीत मावतो.

या रचनेत हाताला नेमके काय जाणवते, हे पाहण्यासाठी एक नमुन्याचा हिशेब उपयोगी पडेल. पहिले चाक २० सेंटिमीटर व्यासाचे आणि ३०० ग्रॅमचे, गतिचक्र १४ सेंटिमीटर व्यासाचे आणि १०० ग्रॅमचे, त्याच्या आसावरील कप्पी अडीच सेंटिमीटरची आणि चातीवरील कप्पी १ सेंटिमीटरची धरली, तर पहिल्या टप्प्यात वेग ८ पट, दुसऱ्यात १४ पट आणि एकूण ११२ पट वाढतो. फिरणाऱ्या वस्तूची गतिज ऊर्जा तिच्या कोनीय वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. म्हणून गतिचक्राला वेग देण्यासाठी हाताला जी ऊर्जा पुरवावी लागते, ती गतिचक्र पहिल्या चाकाच्याच आसावर बसवून त्याचे जडत्व आघूर्ण ८ च्या वर्गाने, म्हणजे ६४ पटीने, वाढवल्यासारखी असते. आणि चातीच्या बाबतीत ही पट १२,५४४ होते.

आता हाताकडून पाहिलेल्या पहिल्या चाकाच्या जडत्व आघूर्णाला १ मानले, तर त्याच्या तिसऱ्या हिश्श्याइतके वजन असलेले गतिचक्र सुमारे साडेदहा ठरते. ३० ग्रॅमची, २ मिलिमीटर त्रिज्येची चाती आपल्या ५ ग्रॅमच्या कप्पीसह पुन्हा सुमारे १ ठरते. चातीवर गुंडाळलेले १५ ग्रॅम सूत १ सेंटिमीटर त्रिज्येपर्यंत फुगले असेल, तर ते सुमारे ६ ठरते. एकूण बेरीज साडेअठराच्या आसपास येते, आणि तीत सर्वांत जड चाकाचा वाटा जेमतेम एकोणिसाव्या भागाइतका असतो. मूठ मोठ्या चाकावर असली तरी हाताचा झगडा मुख्यतः गतिचक्राशी आणि सुताने भरत चाललेल्या चातीशी चाललेला असतो. सुताची गुंडाळी वाढत जाते तसा चरखा जड वाटू लागतो, तो वंगण संपल्यामुळेच असतो असे नाही.

चरख्यावरील कताई अखंड चालत नाही, यामुळे या हिशेबाला व्यवहारात मोठे महत्त्व येते. एका हाताने पेळूतून सूत ओढायचे, पीळ पुरा झाला की चाक थांबवायचे, चातीच्या टोकावरचे वेढे सोडवण्यासाठी ते किंचित उलटे फिरवायचे आणि मग सूत चातीवर गुंडाळून पुन्हा आरंभ करायचा, हे आवर्तन दिवसभर चालते. वर धरलेल्या मापांनुसार चाक अर्ध्या सेकंदात मिनिटाला ६० फेऱ्यांच्या वेगाला आणायचे, आणि मूठ आसापासून ७ सेंटिमीटरवर आहे, तर मुठीवर सुमारे ५०० ग्रॅम वजनाइतका जोर लागतो. पहिले चाक एकटेच फिरवायचे असते तर ३० ग्रॅमहूनही कमी जोर पुरला असता. म्हणून चरखा हलका करण्यासाठी पहिल्या चाकाचे लाकूड तासण्यात फारसा लाभ नाही. गतिचक्राची कड पातळ करणे, चातीवरील कप्पी हलकी ठेवणे आणि भरलेली चाती वेळेवर रिकामी करणे हे खरे उपाय होत.

माळेची पकड

जडत्वाचा दुसरा परिणाम माळेवर दिसतो. कप्पीला वेग देण्यासाठी माळेच्या दोन बाजूंच्या ताणांत फरक हवा, पण हा फरक अमर्याद वाढू शकत नाही. माळ घसरण्यापूर्वी ताणांचे जे जास्तीत जास्त गुणोत्तर टिकते, ते घर्षणगुणांक आणि माळेने कप्पीला घातलेल्या वेढ्याचा कोन यांच्या गुणाकारावर घातांकी रीतीने अवलंबून असते. घर्षणगुणांक ०.३ धरला तर अर्ध्या वेढ्याला, म्हणजे १८० अंशांना, हे गुणोत्तर सुमारे २.६ येते. परंतु मोठे चाक आणि लहान कप्पी जवळजवळ असली की लहान कप्पीवरचा वेढा कमी होतो. ७ सेंटिमीटर त्रिज्येचे गतिचक्र आणि अर्ध्या सेंटिमीटर त्रिज्येची कप्पी यांच्या आसांत १२ सेंटिमीटर अंतर असेल, तर वेढा सुमारे ११५ अंशच उरतो आणि गुणोत्तर १.८ पर्यंत घसरते. माळेला राळ चोळणे, पेटी चरख्यात गतिचक्र स्प्रिंगच्या आधाराने मागे ओढून माळ ताणलेली ठेवणे आणि आरंभी चाकाला हिसका न देता वेग चढवत नेणे या साध्या रीतींमागे हेच गणित आहे. ताण गरजेपेक्षा वाढवला तर आसांवरचा दाब व घर्षण वाढते, आणि चातीवरील घर्षणाचे आघूर्ण हाताशी ११२ पट होऊन पोहोचते. माळ किती ताणावी हा प्रश्न म्हणूनच कारागिरीचा राहतो. सूत्र त्याच्या मर्यादा दाखवते.

वर्ध्याची संशोधनपरंपरा

या प्रश्नांना संस्थांचे रूप वर्ध्यात मिळाले. १९२५ मध्ये स्थापन झालेल्या अखिल भारत चरखा संघाने १९२९ मध्ये सुधारित चरख्यासाठी १ लाख रुपयांचे बक्षीस जाहीर केले. चरखा हलका, हाताने वा पायाने चालणारा आणि खेड्यातील घरात वापरता येण्याजोगा असावा. एखाद्या स्त्रीला त्यावर फारशा श्रमाशिवाय ८ तास काम करता यावे. ८ तासांत १२ ते २० अंकाचे (अंक म्हणजे सुताच्या बारीकपणाचे माप) १६,००० फूट सूत निघावे. किंमत १५० रुपयांहून अधिक नसावी आणि तो निदान २० वर्षे टिकावा, अशा त्याच्या मुख्य अटी होत्या. किर्लोस्करवाडी येथे तयार झालेल्या यंत्रासह कोणतीही रचना सर्व अटींना पुरी पडली नाही आणि बक्षीस दिले गेले नाही.

या अटींमधील यांत्रिक अडचण आकड्यांतून स्पष्ट होते. ८ तासांत १६,००० फूट म्हणजे मिनिटाला सुमारे ४०० इंच. सुताला दर इंचाला लागणारे पीळ साधारणपणे अंकाच्या वर्गमुळाच्या चौपट असतात, म्हणून १६ अंकी सुताला इंचाला १६ पीळ लागतात; आणि एकच चाती असेल तर ती मिनिटाला ६,४०० फेऱ्यांनी क्षणभरही न थांबता फिरावी लागते. ११२ पटीचा चरखा मिनिटाला ६० फेऱ्यांनी चालवला तर चातीला एवढा वेग मिळतो, पण गुंडाळण्यासाठी थांबणे त्याला चुकत नाही. थांबणे टाळायचे असेल तर पीळ आणि गुंडाळणी एकाच वेळी व्हावी लागते, आणि चात्या वाढवायच्या तर प्रत्येक चातीचे जडत्व वेगाच्या वर्गाने गुणून हाताशी येते. स्पर्धेचा पेच या दोन गोष्टींमध्ये सापडलेला होता.

१९३४ मध्ये वर्ध्यात अखिल भारत ग्रामोद्योग संघ स्थापन झाला आणि जे. सी. कुमारप्पा यांनी मगनवाडीत त्याचे काम उभे केले. कताई-विणाईच्या साधनांवर साबरमतीला आयुष्य वेचलेले मगनलाल गांधी १९२८ मध्ये निवर्तले होते. त्यांच्या स्मरणार्थ मगन संग्रहालयाचे उद्घाटन ३० डिसेंबर १९३८ रोजी गांधीजींच्या हस्ते झाले. चरख्यांचे निरनिराळे नमुने तेथे एकाच छपराखाली पाहता येतात, आणि चाकाची कड, आरे व कप्प्या यांकडे लक्ष देऊन पाहणाऱ्याला जडत्व कमी करण्याच्या प्रयत्नांचा इतिहासच तेथे वाचता येतो.

स्वातंत्र्यानंतर तमिळनाडूतील एकांबरनाथ यांनी रचलेला अंबर चरखा पुढे आला. त्यात गिरणीतील कड्याच्या चातीचे तत्त्व घेतलेले असल्याने पीळ आणि गुंडाळणी एकाच वेळी होते व अनेक चात्या अखंड फिरतात. येथे जडत्वाचे मूल्य पालटते. गती अखंड असेल तर फिरत्या भागांचे जडत्व फक्त आरंभी जाणवते आणि नंतर हाताच्या हेलकाव्यांतून येणारी वेगाचे चढउतार सावरून धरते. वाफेच्या यंत्रांच्या प्रचंड गतिपाल चाकांचे काम हेच होते. लांब दंडावरील कप्प्या आणि चामडी पट्टे यांच्या साहाय्याने शक्ती वाटणाऱ्या जुन्या गिरण्यांत कड जितकी जड तितकी चाल एकसारखी असे. मगनवाडीतच असलेल्या महात्मा गांधी ग्रामीण औद्योगिकीकरण संस्थेत अलीकडे सौर चरख्यावर काम झाले आहे. हाताची जागा विद्युत मोटरने घेतली तरी प्रश्न तोच राहतो, कारण अनेक चात्या स्थिर अवस्थेतून वेगाला आणताना मोटरला जो अधिक जोर द्यावा लागतो, तो वेगगुणोत्तराच्या वर्गानेच ठरतो.

शिक्षणातील स्थान

ऑक्टोबर १९३७ मध्ये वर्ध्यात भरलेल्या शिक्षण परिषदेतून आणि त्यानंतरच्या झाकीर हुसेन समितीच्या अहवालातून नई तालीमची रूपरेषा पुढे आली. हस्तोद्योग आणि ज्ञान यांचा समवाय, म्हणजे हातातील कामातूनच गणित व विज्ञान उलगडणे, हे तिचे मूळ सूत्र होते. कताईतून लांबी, वजन व मजुरी यांचे अंकगणित शिकवणे सोपे असते. चरख्याचे चाक त्याहून पुढचे पदार्थविज्ञानही शिकवू शकते.

त्यासाठी लागणारा प्रयोग कोणत्याही शाळेला परवडणारा आहे. पेटी चरख्याच्या पहिल्या चाकाची माळ काढून त्याच्या कडेभोवती दोरा गुंडाळावा, तो मेजाच्या कडेवरील हलक्या कप्पीवरून खाली सोडावा आणि त्याला ५० ग्रॅमचे वजन लावून ५० सेंटिमीटर खाली येण्यास किती वेळ लागतो ते मोजावे. वर धरलेल्या मापांच्या चाकाला, घर्षण वगळता, सुमारे ०.६ सेकंद लागेल. मग माळ चढवून गतिचक्र जोडावे आणि तेच वजन पुन्हा सोडावे. या वेळी सुमारे १.९ सेकंद लागतील. वाढलेले वजन फक्त १०० ग्रॅमचे आणि वेळ मात्र तिप्पट, ही विसंगती वर्गातील मुलांनी स्वतः मोजलेली असेल, तर वेगाच्या वर्गाचा नियम त्यांना सूत्र म्हणून पाठ करावा लागत नाही.

वजनरहित कप्पीचे गृहीतक मोटेवर निभावते, टकळीवर त्याला अर्थच उरत नाही, चरख्यावर ते फसते आणि गिरणीत ते उपयोगाची बाजूच नजरेआड करते. चारही ठिकाणी नियम एकच आहे. फरक पडतो तो वस्तुमान आसापासून किती दूर आहे, ते किती वेगाने फिरते आणि चाक किती वेळा थांबवावे लागते यामुळे. हे तीन प्रश्न घेऊन कप्पीकडे पाहण्याची सवय विद्यार्थ्यांना लागली, तर वर्ध्यात चरख्यावर झालेल्या श्रमाचा शास्त्रीय वारसा संग्रहालयाच्या काचेमागे न राहता पुन्हा वर्गातल्या मेजावर येईल.